डाव्या कुशीचा खड्डा

"घाल आता," मामा म्हणाले. "इचार करत बसू नगंस."

मी नव्या कातरीची दोन्ही पाती मिटवून मुठीत धरली आणि टोक मेंढीच्या डाव्या कुशीत, शेवटच्या बरगडीमागं चार बोटं सोडून, दाबलं. मेंढीचं कातडं कागदासारखं पातळ असतं असं मी लोकांना नेहमी सांगते. त्या दिवशी त्या कागदात टोक जाईना. फुगून ताणलेल्या कातड्यावरून ते घसरायला लागलं. मग गुडघा टेकून अंगाचा सगळा भार दिला. फस्सकन आवाज झाला, आंबलेल्या पिठाचा वास आला आणि हिरवा फेस माझ्या तोंडावर, लुगड्यावर आणि शेजारी उभ्या असलेल्या चिटणीसाच्या पांढऱ्या पायजम्यावर उडाला.

"मारली!" मागून कोणीतरी बोंबललं. "आरं, ह्या बाईनं मेंढी भोसकली!"

"गप बसा की रं," माझी जाऊ गोदा ओरडली. "तिची मेंढी हाय, ती भोसकंल न्हाईतर वाळल्या पाल्यात निजवंल. तुमच्या बापाचं काय गेलं?"

मामा म्हणजे माझे सासरे. मोतीबिंदूनं त्यांचे दोन्ही डोळे गेले होते. मेंढीच्या डोक्याशी ते मांडी घालून बसले होते. मी कुशीवर टिचकी मारायची आणि ते आवाजावरून सांगायचे, कुठं हवा आहे आणि कुठं दाणा. हवा असली की हलगीसारखं वाजतं. दाणा असला की भिजलेल्या पोत्यावर मारल्यासारखं. दाण्यात टोक गेलं तर मेंढी हमखास जाते. हवेत गेलं तर वाचते, तेही कधीमधी.

माझ्या आणखी एकवीस मेंढ्या लोकरवाल्यांच्या संस्थेच्या त्या आवारात होत्या आणि निम्म्यांच्या कुशी वर यायला लागल्या होत्या. दोनशेच्या कळपातून दुष्काळानं आम्हाला एवढ्याच ठेवल्या होत्या. बावीस मेंढ्या असल्या तर आठ-दहा वर्षांत पुन्हा कळप उभा राहतो. एकही नसली तर राहत नाही. मग घरातल्या सगळ्यांनी जन्मभर दुसऱ्याच्या बांधावर नाहीतर खडीच्या ढिगावर बसायचं. हे मला त्या वेळी नीट ठाऊक होतं, आणि टोक दाबलं ते त्यामुळं. मेंढीची दया वगैरे नंतर.

हे बहात्तरच्या दुष्काळातलं. यात संस्थेची चूक होती आणि माझीही होती. पण काम कसं चालतं ते कळल्याशिवाय चूक कळणार नाही.

या अंकासाठी लिहा म्हणून ज्या बाई माझ्याकडं आल्या, त्यांनी बसल्या बसल्या विचारलं, "कातरताना मेंढीला दुखतं का हो?" जन्मभर लोक हाच एक प्रश्न विचारत आलेत. केस कापताना तुम्हाला दुखतं का? न्हावी पिऊन आला तर दुखतं. मेंढीचंही तेच. दुखतं की नाही ते मेंढीवर नाही, कातरणाऱ्यावर आहे.

आमच्या भागातली मेंढी काळी, आखूड लोकरीची. तिची लोकर घोंगडीला चांगली. तिचा स्वेटर विणाल तर अंग सोलून निघेल. वर्षातून दोनदा कातरायची. आधी ओढ्यात धुवायची, दोन दिवस वाळू द्यायची, मग कातरायची. न धुता कातरली तर लोकरीतली वाळू पात्यात जाते, धार मरते, आणि बोथट कातर कापत नाही, चावते. लोकांना वाटतं धारेची कातर धोक्याची. उलट आहे.

आमच्यात बाईनं कातर धरायची रीत नव्हती. बाईनं लोकर पिंजायची, सूत कातायचं. कारण विचारलं तर सासूबाई म्हणायच्या, "बाईच्या हातनं कातरली तर मेंढी वांझ ऱ्हाती." माझा नवरा कातरायला बसला की दर चार-पाच मेंढ्यांमागं एकीचा सड कापायचा. मग ती मेंढी कोकराला पाजायची नाही आणि ते कोकरू मरायचं. त्याला मात्र कोणी काही म्हणत नव्हतं.

मामांची नजर गेली तशी त्यांनी मला समोर बसवलं. "हिरे, कातर घी." सासूबाईंनी अंगण डोक्यावर घेतलं. मामा म्हणाले, "तुझ्या पोराच्या हातात कातर द्यायची तर मेंढ्यास्नी आधी कफन शिवून ठिवावं लागंल. शिवतीस का?" तेव्हा त्या आत गेल्या.

सुनेच्या हाताला हात लावायचा नाही, म्हणून मामा मेंढीच्या पाठीवर हात ठेवायचे. कातडीला कुठून ताण येतो त्यावरून माझा हात काय करतोय ते त्यांना कळायचं. "वर उचलाय लागलीस," ते म्हणायचे. हीच चूक सगळे करतात. डाव्या हातानं लोकर उचलून धरतात, लोकरीबरोबर कातडीही वर येते, आणि पाती मिटली की कातडीचा रुपयाएवढा तुकडा हातात. लोकर धरायचीच नाही. डाव्या तळव्यानं कातडी मागं ओढून सपाट करायची आणि कातर आडवी, अंगाला लागून चालवायची. कातरायचं काम डावा हात करतो. उजवा नुसता वाजतो.

बगलेत, जांघेत, कानामागं आणि मानेच्या घडीत घाई करायची नाही. सडांवर आपला तळवा झाकून ठेवायचा. कापायचंच असलं तर स्वतःचा हात कापावा. माझ्या डाव्या हातावर अशा सहा खुणा आहेत. मेंढीचे चारी पाय एकत्र बांधणाऱ्याला मामा खाटीक म्हणायचे. दोन पाय बांधायचे, दोन धरायचे, आणि काम झालं की लगेच उभी करायची. उताणी मेंढी फार वेळ ठेवली की तिला ढेकर देता येत नाही. मेंढीला ढेकर आला नाही तर ती मरते. हे वाचून हसू येत असेल तर येऊ द्या.

कुठं कातरलं गेलंच तर हळद आणि तेल. माशी बसून किडे पडले तर सीताफळाचा पाला वाटून जखमेत भरायचा. आमच्याकडच्या डोंगरात काही पिकत नसलं तरी सीताफळ आहे.

आणि सगळ्याच्या आधी एक गोष्ट. मेंढी आदल्या संध्याकाळपासून उपाशी पाहिजे. पाडण्याआधी तिच्या डाव्या कुशीला हात लावायचा. तिथं खड्डा लागला तर पोट रिकामं आहे, कातरायला घ्या. खड्डा भरलेला असला तर सोडून द्या, मग तिचा मालक पाटील का असेना. मामा म्हणायचे, "कातर इसरलीस तर चालंल. ह्यो हात इसरू नगंस."

बाहेरच्या लोकांत माझं नाव झालं ते दिंद्रुडच्या एका दुकानदारामुळं. त्यांना सगळे आप्पा म्हणायचे. गळ्यात लिंग, कपाळाला भस्म, आणि दारात टकरीला पाळलेला एडका, म्हणजे मेंढा. त्याला दूध, गूळ, भिजवलेला हरभरा. बायकोला एवढं देत होते की नाही मला माहीत नाही. त्याची मान सोडून बाकी अंग कातरायचं होतं, म्हणजे टकरीत तो वाघासारखा दिसेल.

"दिसायला वाघ आणि पोटात हरभरा," मी म्हटलं. "उद्या येते. रातच्याला काही घालू नका."

"उपाशी ठिवू? याला? त्याला राग येतो."

"तर मग त्याच्याकडूनच कातरून घ्या."

दुसऱ्या दिवशी उपाशी होता. पण आप्पा त्याचं डोकं मांडीवर घेऊन बसले आणि कातर वाजली की स्वतःच दचकायला लागले. ते दचकले की एडका दचकायचा. शेवटी मी त्यांना गल्ल्यावर पाठवलं. मालक नजरेआड गेला की कुठलंही जनावर निम्मं शांत होतं. पन्नास वर्षांत याला अपवाद पाहिला नाही.

तर बहात्तर. दोन वर्षं पावसानं दगा दिला होता. ओढ्यात धुवायला सोडा, प्यायला पाणी नव्हतं. पुरुषमाणसं पाझर तलावाच्या कामावर, खडी फोडायला. माझा नवराही तिकडंच. तिथं खायला सुकडी मिळायची आणि रेशनला लाल मिलो, म्हणजे परदेशातून आलेली ज्वारी. गाईबैलांना चारा छावणी होती, मेंढ्यांना नव्हती. कारण मेंढी म्हणे कुठंही चरते. कुठंही म्हणजे कुठं, हे मी एका कारकुनाला विचारलं होतं. ढेकळं खायची का तिनं? तो म्हणाला, "तसं लिहून आलंय." लिहिणाऱ्यानं मेंढी पाहिली होती की नाही ते लिहून आलं नव्हतं.

आमच्या भागात लोकरवाल्यांची एक सहकारी संस्था होती. चेअरमनना लोक आबा म्हणत. मोठे जमीनदार. सभासद व्हायला मेंढ्या लागतात म्हणून त्यांच्या नावावर दहा मेंढ्या होत्या. त्या मेंढ्या मी कधी कातरल्या नाहीत, कधी पाहिल्याही नाहीत. दुष्काळात त्यांतली एकही मेली नाही.

संस्थेला मेंढ्यांसाठी दोन ट्रक कडबा मंजूर झाला. अट एकच, संस्था चालू आहे हे दिसलं पाहिजे. संस्था लोकरीची, म्हणजे लोकर जमा झाली पाहिजे. म्हणजे भर दुष्काळात मेंढ्या कातरा, सरकारी साहेब येऊन बघतील, मग कडबा. मेंढी जगवायला कडबा, कडब्यासाठी लोकर, आणि लोकर काढायची त्या मेंढीची जिच्या अंगावर दुसरं काही उरलेलं नाही.

मामा म्हणाले, "औंदा कातरू नगा. उपाशी जनावराच्या अंगावर तेवढंच पांघरूण हाय. कातडं बरगडीला चिकटलंय. खड्ड्याच्या रस्त्यानं गाडी जावी तशी कातर उडंल."

मी म्हटलं, "मामा, पांघरूण घेऊन मरण्यापरास नागडं जगलेलं बरं."

त्यांनी कातर धारेला घेतली. पटलं म्हणून नव्हे. मी ऐकणार नाही हे कळलं म्हणून.

दिंद्रुडच्या अलीकडं, रस्त्याला लागून, संस्थेचं गोदाम होतं. त्यामागच्या आवारात सभासदांच्या मेंढ्या आदल्या संध्याकाळी कोंडायच्या आणि सकाळी कातरायच्या असं ठरलं. आमच्या बावीस पुढच्या भागात, हौदाजवळ ठेवल्या. त्यातल्या त्यात बऱ्या दिसत होत्या, साहेबांना त्या दाखवायच्या होत्या. बाकीच्यांच्या मागं, काटेरी कुंपणापलीकडं. आम्ही मान मिळाला म्हणून खूश.

संस्थेचा चिटणीस वामनराव. शेतकऱ्याचा मुलगा, मॅट्रिक झालेला, स्वभावानं भला. भल्या माणसांचा मी तेव्हापासून धसका घेतलाय. त्यानं सकाळी आमच्या हातात संस्थेच्या नव्या कातरी दिल्या. टोकं सुईसारखी. आमच्या कातरीची टोकं मामांनी दगडावर घासून गोल केलेली असायची, टोचू नये म्हणून. मामांनी नव्या कातरीवर बोट फिरवलं आणि ती बाजूला फेकली. "ही कातर न्हवं, भाला हाय. लढाईला जायचंय का?"

कातरणारे तिघं होतो. मी आणि दोन म्हातारे. ते मागच्या बाजूला, मी पुढं. गोदा मेंढी धरायला. मामांना आम्ही चिंचेखाली बसवलं होतं.

पहिली मेंढी घेतली. डाव्या कुशीला हात लावला नाही.

का नाही लावला, याचं उत्तर सरळ आहे. सहा महिने त्या मेंढ्यांच्या कुशीत खड्डाच होता. इतका खोल की त्यात वाटी बसली असती. दुरून दिसायचा. जे रोज डोळ्यांना दिसतं त्याला हात कोण लावतो? शिवाय अंगावर लोकर होती, आणि लोकरीखाली काय झालंय ते दिसत नाही. हात लावायचा तो त्यासाठीच. हे मला शिकवलेलं होतं.

पहिली मेंढी कण्हत होती. मी तिला शिवी दिली. दुसरीला धरताना गोदा म्हणाली, "बाई, हिचं प्वाट लई गच लागतंय."

"गाभण हाय ती," मी म्हटलं.

गाभण पोट खाली उतरतं आणि उजवीकडं जातं. फुगलेलं पोट डावीकडं वर येतं. हे आमच्याकडं लहान पोरीलाही माहीत असतं. मी तेव्हा चांगली जाणती होते, आणि मी ते वाक्य बोलले. त्याच वेळी जीप आली होती आणि आबा ओरडत होते, "ए बाई, हात चालव. साहेब आल्यात." मी हात चालवला.

तिसरी मेंढी उताणी पाडली आणि निम्मी कातरली. लोकर बाजूला झाली तशी डावी कूस दिसली. वर आलेली, पाठीच्या कण्याच्या वर. मेंढीनं जीभ बाहेर काढली, निळी पडलेली.

चिंचेखालून मामांचा आवाज आला. "हिरे, दात कोन खातंय?"

मेंढीच्या पोटात दुखलं की ती दात खाते. मला शेजारून ऐकू आलं नव्हतं. त्यांना वीस हातांवरून आलं.

"हिरे, कुशीला हात लावलतास का?"

मी मेंढीचे पाय सोडून तिला उभी केली. ती पडली.

गोदानं मामांना हाताला धरून आणलं. मी वामनरावाची गचांडी धरली. बाईमाणसानं चारचौघांत चिटणीसाची गचांडी धरायची नसते, पण धरली. "काय घातलंस यांना?"

तो घाबरला. "मिलो. वहिनी, पहाटं दोन पोती हौदात ओतली. भिजून खराब झालेला होता, रेशनवाला टाकून देनार हुता."

"कावून?"

"वरडत हुत्या वो. उपाशी लेकरावानी वरडत हुत्या. आन साहेब येनार, म्हटलं खाताना दिसाव्यात."

सहा महिने काट्याकुट्यावर जगलेल्या मेंढीपुढं भिजलेला दाणा ओतला तर ती थांबत नाही. दाणा पोटात आंबतो, फुगतो. त्यात आम्ही त्यांना उताणं पाडत होतो. गुन्हा अर्धा त्याचा, अर्धा माझा. मी हात लावला असता तर पहिल्याच मेंढीला कळलं असतं. दोन मेंढ्यांचा वेळ आणि त्या दोन मेंढ्या गेल्या नसत्या.

भोसकायला आमची गोल टोकाची कातर चालणार नव्हती. मामा म्हणाले, "तो भाला कुटं टाकला?" वामनरावानं शोधून आणला. त्यानंतर काय झालं ते सुरुवातीला सांगितलंच आहे.

हवा निघाली तशी ती मेंढी धापा टाकत उठून बसली. मी आणखी दोघींना तसंच केलं. प्रत्येक वेळी टिचकी, मामांचं कान देणं, "बोटभर मागं," आणि मग भार. बाकीच्या अजून उभ्या होत्या. त्यांना तेल पाजायचं होतं आणि चालवायचं होतं. गोदा पळत दिंद्रुडला आप्पांच्या दुकानात गेली. करडईच्या तेलाचा अख्खा डबा आणि खायच्या सोड्याची पुडी घेऊन आली. डबा आप्पांनी स्वतःच तिच्या डोक्यावर दिला होता. "तुझ्या जावंला सांग," ते म्हणाले होते, "डबा चेपून आनू नगा."

बांबूच्या नळीनं एकेकीला तेल पाजायला लागलो. मान फार उंच करायची नाही, नाहीतर तेल छातीत जातं आणि मेंढी बुडून मरते. तोंडात कडुलिंबाची काडी आडवी बांधायची, म्हणजे ती चघळते, लाळ सुटते, ढेकर येतो. वामनराव काड्या तोडत होता. रडतही होता. मी त्याला म्हटलं, रडायचं असलं तर तोडता तोडता रड.

आणि मग पाण्याचा टँकर आला.

साहेबांसाठी आणवला होता. कातरलेल्या मेंढ्या हौदावर पाणी पिताहेत असं दाखवायचं होतं. टँकरवाल्यानं नळी हौदात सोडली. पाण्याचा वास लागला तशा माझ्या मेंढ्या, ज्यांना उभं राहवत नव्हतं त्याही, हौदाकडं निघाल्या. पोटात सुका-ओला दाणा गच्च, वर पाणी प्याल्या तर तासाभरात सगळ्या आडव्या. मी काठी घेऊन हौदापुढं उभी राहिले आणि तहानलेल्या मेंढ्यांच्या तोंडावर काठी मारायला लागले.

ते बघणाऱ्यांना कसं दिसलं असेल ते मला कळतं. आधी मेंढी भोसकली, आता पाणी पिऊ देत नाही.

"पाप लागंल, बाई!"

"आगं, मुकं जनावर हाय ते!"

आबा पुढं आले. त्यांच्यामागं साहेब, डोक्यावर टोपी, नाकावर रुमाल. "बाजूला हो," आबा म्हणाले. "पानी पिऊ दे त्यास्नी. साहेब बघतायत."

"पाणी प्याल्या तर मरतील."

"पान्यानं कुनी मरतं का बे?" त्यांनी मलाच बे म्हटलं. चिडले की त्यांना समोर कोण आहे ते कळायचं नाही. "हितं लोक पान्याबिगर मराय लागल्यात!"

साहेबांनी इंग्रजीत काही विचारलं. आबांना कळलं नाही, मला कळलं नाही. दोन गडी मला धरायला पुढं आले. बावीस मेंढ्या आणि एक काठी, किती वेळ अडवणार?

तेव्हा गोदानं डोकं चालवलं. ती रस्त्यावर गेली आणि वस्तीकडं तोंड करून तिनं हाळी दिली. "बायांनो, टँकर आलाय! घागरी आना!"

दुष्काळात ही हाळी दोनदा द्यावी लागत नाही. बाया आल्या. हंडे, घागरी, कळश्या, एक तर परात घेऊन आली. साहेबाला, आबाला, मेंढ्यांना, सगळ्यांना कोपरानं ढकलून त्यांनी हौद घेरला. टँकरवाला ओरडत होता. आबा ओरडत होते. एक म्हातारी आबांना म्हणाली, "मालक, जरा सरका की, सांडतंय." बघता बघता हौदाचा तळ दिसला. टँकरही रिकामा झाला. साहेब जीपमध्ये जाऊन बसले.

मग दिवसभर आम्ही मेंढ्या चालवल्या. गोदानं दोन, मी दोन, वामनरावानं दोन, अशा फेऱ्या. बसली की उठवायची, पडली की पोट चोळायचं. मामा प्रत्येकीला जाता-येता कुशीवर टिचकी मारायचे. "ही चांगली. ही बी. हिला तेल दे अजून. हिला सोड." सोड म्हटलं की कळायचं. ऊन उतरेपर्यंत पाच गेल्या.

साहेबांनी काय लिहिलं ते पुढं कळलं. कातरणी समाधानकारक. पंधरा दिवसांनी कडबा आला, दोनाऐवजी एक ट्रक. आबांच्या दहा मेंढ्यांनाही त्यातला वाटा मिळाला.

गावात बोलणं झालं ते वेगळंच. बाईनं कातर धरली म्हणून असं झालं. सासूबाई म्हणाल्या, "मी बोललेच हुते." मी मिलोचं सांगून बघितलं, कोणाला ऐकायचं नव्हतं. मग वामनराव स्वतः चावडीवर उभा राहिला आणि म्हणाला, "मिलो मीच घातलता. दोष माझा हाय." लोकांनी शांतपणे ऐकून घेतलं. नंतर एकमेकांत म्हणाले, "पोरगं लई भलं. बाईला पाठीशी घालतंय." यापुढं काय बोलणार? मी बोलणं सोडून दिलं.

माझा स्वतःचा दोष मात्र कोणी मला दिला नाही. कुशीला हात लावला होतास का, असं मामांनी एकदाच विचारलं, त्या सकाळी. उत्तर मी दिलं नाही आणि त्यांनी पुन्हा विचारलं नाही. दोन-चार दिवसांनी ते नवी कातर मांडीवर घेऊन तिचं टोक दगडावर घासत बसले होते. मी म्हटलं, राहू द्या, उपयोगाला येईल. ते म्हणाले, "त्या उपेगाला पुना न येऊ दे," आणि घासत राहिले.

पुढं मी पन्नास वर्षं कातरलं. वडवणीच्या बाजारात लोक मला हात लावणारी बाई म्हणून ओळखायचे. मेंढी आणली की आधी मी डाव्या कुशीला हात लावायची, मग तिच्या मालकाला नमस्कार करायची. मालक म्हणायचे, "बाई, सकाळपासून उपाशीच हाय वो ती." असतीलही. मी पुन्हा कोणाच्या बोलण्यावर मेंढी पाडली नाही. स्वतःच्या डोळ्यांवर तर नाहीच.

आता लोकरीला कोणी विचारत नाही. कातरून लोक ती बांधावर टाकून देतात. संस्था कधीच बंद पडली. पण मेंढी कातरावीच लागते, नाहीतर लोकरीत पाणी मुरून तिला किडे पडतात. म्हणून लिहिलं. कोणाच्या उपयोगी पडलं तर पडो.

कातरणीच्या दिवशी पाच मेंढ्या मेल्या. पुढच्या चार दिवसांत आणखी चार. भोसकलेल्या तिघींपैकी दोघी त्यांत होत्या, जखम सडून. बावीसपैकी तेरा जगल्या. त्यांतल्या सहा जणींनी गाभ टाकला, सात व्याल्या. पाऊस पडेपर्यंत सासूबाई, गोदा, माझा नवरा आणि मी जगलो. मामा जगले नाहीत.